'नागाया शिन्शिरोकु' (ओझू, १९४७) : शेवटी एकदम उएनो का?

मंजिरी_सांगली

नमस्कार मंडळी. जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूचा 'नागाया शिन्शिरोकु' इथे कुणी पाहिलाय का? १९४७चा, जेमतेम ७२ मिनिटांचा सिनेमा. ओझू म्हटलं की आपल्याकडे सगळी चर्चा 'टोक्यो स्टोरी'वरच होते, त्यामुळे ह्याच्याबद्दल मराठीत काही वाचायला मिळालं नाही. मला सिनेमा फार आवडला. फक्त शेवट पचत नाहीये, म्हणून हा धागा.

गोष्ट थोडक्यात सांगते. शेवटही सांगावा लागणार आहे, तेव्हा ज्यांना आधी बघायचाय त्यांनी इथेच थांबा.

युद्ध संपून दीड-दोन वर्षं झालेलं टोक्यो. एका बैठ्या चाळीतला ज्योतिषी ताशिरो रस्त्यावर चुकलेलं एक पोरगं घरी घेऊन येतो. त्याच्याबरोबर राहणारा तामेकिची फुटकी भांडी दुरुस्त करून देतो. तो म्हणतो, मला पोर नको. मग ते समोरच्या ओतानेच्या गळ्यात मारलं जातं. ओताने विधवा, किरकोळ सामानाचं दुकान चालवणारी, तोंडाने फटकळ. पोरगं पहिल्याच रात्री गादी ओली करतं. ओताने त्याला हाकलायला बघते, डोळे वटारते, समुद्रावर नेऊन सोडून यायचाही प्रयत्न करते. हळूहळू तिला त्याचा लळा लागतो. आणि लागतो तेवढ्यात मुलाचा बाप येतो आणि त्याला घेऊन जातो.

इथपर्यंत सगळं उत्तम. मग ओताने रडते, शेजाऱ्यांपुढे बराच वेळ बोलते, की हल्ली आपण सगळेच किती कोत्या मनाचे झालो होतो. आता मलाही एखादं मूल सांभाळायला हवंय, म्हणते. ज्योतिषी तिचा हात बघून सांगतो, टोक्योतल्या उएनोच्या बाजूला जा. आणि लगेच एक मोठा पुतळा, त्याच्या आसपास पोरं. संपला सिनेमा.

माझे तीन प्रश्न आहेत. एक, इतक्या हलक्या हाताने केलेल्या सिनेमाला शेवटी हे जोडकाम कशासाठी? दोन, बापाने पोराला मुद्दाम टाकलंय असं चाळीतले सगळे इतक्या सहज कसं धरून चालतात? तीन, मध्ये सगळे जेवायला बसलेले असतात आणि ज्योतिषी एक लांबलचक गाणं म्हणतो, बाकीचे ताल धरतात. ते काय आहे? सबटायटल्समधून काही उलगडलं नाही. जाणकारांनी सांगावं.

पडद्यामागे

चांगला धागा, मंजिरीताई. शेवटाबद्दल मी तुमच्याच बाजूचा. ओझू पुढे ज्या संयमासाठी ओळखला गेला तो ह्यात शेवटच्या दहा मिनिटांत सुटतो असं माझं मत आहे. पण हेही लक्षात घ्यायला हवं की हा त्याचा युद्धानंतरचा पहिला सिनेमा. आधीचा १९४२चा. मधल्या काळात तो सिंगापूरला होता, लष्कराने प्रचारपट करायला पाठवलेलं, आणि १९४६च्या फेब्रुवारीत परत आला. त्यानंतर अमेरिकन ताब्यातल्या जपानमध्ये काम करायचं म्हणजे पटकथा आधी त्यांच्या माहिती विभागाकडे, तयार सिनेमा मग सेन्सॉरकडे. माणसांनी सुधारावं, एकमेकांना धरून राहावं, असा सूर त्या काळच्या बऱ्याच जपानी सिनेमांत ऐकू येतो. ओतानेचं भाषण मला त्याच जातीचं वाटतं.

गाण्याबद्दल कुणीतरी सांगाच, मलाही उत्सुकता आहे.

शुभा_निशिकासाई

मंजिरी, धागा काढलास फार बरं केलंस. मी गेली बरीच वर्षं टोक्योत, एदोगावा वॉर्डात राहते. आमच्या भागात मराठी घरं बरीच आहेत, आणि आमच्यातले पुष्कळजण महिन्याकाठी एकदा तरी उएनोला जातात, कारण तिथल्या आमेयोको बाजारात तळघरात हिरव्या मिरच्या, कोथिंबीर, वेगवेगळे मासे, मसाले सगळं मिळतं. पिशवी भरून वर आलं की साइगो ताकामोरी ह्या एकोणिसाव्या शतकातल्या सेनानींचा पुतळा पाचेक मिनिटांवर. उएनो पार्कच्या पायऱ्या चढलं की समोरच. किमोनो घातलेला जाडजूड माणूस आणि बाजूला कुत्रा. १८९८ साली बसवलेला आहे, ताकामुरा कोउन ह्यांनी केलेला. तुझ्या सिनेमातला शेवटचा पुतळा हाच.

तुझ्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर ह्या जागेत आहे. मला हा शेवट जोडलेला अजिबात वाटत नाही. सबंध सिनेमा त्या पुतळ्याकडेच चाललेला असतो, आपल्याला ते आधी कळत नाही इतकंच. १९४७च्या मे महिन्यात थेटरात बसलेल्या टोक्योकराला 'उएनो' हा एक शब्द पुरेसा होता.

१० मार्च १९४५च्या रात्री टोक्योवर जो बॉम्बहल्ला झाला त्यात एका रात्रीत सुमारे १ लाख माणसं गेली. सुमिदा नदीकाठचा सगळा सखल भाग जळाला. ओझूचा जन्म त्याच भागातल्या फुकागावाचा. आता मुलं का वाचली, तर १९४४च्या उन्हाळ्यापासून तिसरी ते सहावीच्या मुलांना शाळेच्या शाळा उचलून खेड्यांत हलवलं होतं. देशभरात सुमारे ४ लाख मुलं अशी गावोगावच्या देवळांत आणि धर्मशाळांत राहत होती. मुलं तिकडे, आईबाप इकडे. आई, वडील, धाकटी भावंडं एका रात्रीत गेली आणि ती मुलं मागे उरली. ह्यातही वाईट म्हणजे सहावीची काही मुलं शाळेचा निरोप समारंभ आहे म्हणून मार्चच्या सुरुवातीलाच टोक्योला परत आणली होती.

युद्ध संपलं आणि ही मुलं परतली. काहींना नातेवाइकांनी ठेवून घेतलं, काहींना काही दिवस ठेवून बाहेर काढलं. ज्यांना कुणी नव्हतं ती उएनो स्टेशनच्या भुयारी वाटेत झोपायची, कारण थंडीवाऱ्यात डोक्यावर छप्पर असलेली तेवढीच जागा. स्टेशनच्या बाहेर काळाबाजार भरायचा, म्हणजे आजच्या आमेयोकोची सुरुवात. तिथे बूट पुसणं, सिगारेटची थोटकं विकणं, भीक, चोरी, जे जमेल ते. पोलीस आणि महापालिकेची माणसं मधूनमधून येऊन त्यांना धरून संस्थांमध्ये टाकायची, आणि पोरं तिथून पळून पुन्हा उएनोला यायची. सरकारने १९४८च्या फेब्रुवारीत देशभर मोजणी केली तेव्हा अनाथ मुलांचा आकडा १,२३,५११ निघाला. ओकिनावा त्यात धरलेलं नाही.

आता पुन्हा ते दृश्य बघ. ओताने हसत हसत हात पुढे करते, ज्योतिषी गंभीर चेहऱ्याने दिशा सांगतो. मूल मिळेल का, तर उएनोला मिळेल. प्रेक्षक हसलाही असेल आणि त्याच क्षणी त्याला लागलंही असेल. पुढची दृश्यं तो काही नवीन माहिती म्हणून दाखवत नाही. आजच सकाळी तिथून येताना जी मुलं बघून न बघितल्यासारखं केलं, तीच ही. आणि त्या दृश्यांत संवाद नाही, कुणाची गोष्ट नाही. पोरं नुसती बसलीत, पडलीत, एक सिगारेट ओढतोय. कुणी रडत नाही, कुणी आपल्याकडे हात पसरत नाही. इतकं कमी करून थांबणाऱ्या माणसाला मी उपदेशक म्हणणार नाही.

दुसरा प्रश्न मला सगळ्यात आवडला, कारण त्याचं उत्तर त्या पोराच्या खिशात आहे.

ह्या सिनेमात वस्तूंकडे बघायला हवं. माणसं तोंडाने काहीबाही बोलतात, खरं काय ते वस्तू सांगतात. युद्ध संपता संपता टोक्योत धान्याचं रेशन माणशी दिवसाला ३०० ग्रॅमच्या आसपास होतं, तेही वेळेवर यायचं नाही, आणि तांदळाच्या जागी बऱ्याचदा रताळी किंवा आणखी काहीतरी. पुढे थोडं वाढलं, पण नुसत्या रेशनवर जगता येत नव्हतं. टोक्योच्या जिल्हा न्यायालयातले न्यायाधीश यामागुची योशितादा काळ्याबाजाराच्या खटल्यांत लोकांना शिक्षा द्यायचे, म्हणून त्यांनी स्वतः काळ्याबाजारातलं अन्न घ्यायचं नाकारलं, आणि १९४७च्या ऑक्टोबरात, वयाच्या ३३व्या वर्षी, उपासमारीने गेले. हा सिनेमा लागला त्याच वर्षी. अशा शहरात अनोळखी पोराला एक रात्र ठेवून घेणं म्हणजे आपल्या ताटातला भात देणं. ओताने खाष्ट आहे असं आपण पटकन म्हणतो, पण तिचं चिडणं मोजून बघ, प्रत्येक वेळी ते एखाद्या वस्तूवरून आहे. गादीवरून, भातावरून, टांगलेल्या सुक्या पर्सिमॉन फळांवरून. पर्सिमॉन कमी झाले म्हणून ती पोराला धारेवर धरते, तो गुमान ऐकून घेतो, आणि मग तामेकिची येऊन सांगतो, मीच खाल्ले की. त्यावर ती माफी वगैरे मागत नाही. त्यातलाच एक काढून पोराला देते. मला विचारशील तर सिनेमा खरा वळतो तो इथे.

आणि खिसा. पोराच्या खिशात खिळे आहेत आणि सिगारेटची थोटकं आहेत. बाप सुतार. जळलेल्या शहरात सुतारालाच तर काम होतं, पण खिळे मिळायची मारामार. लोक राखेतून खिळे वेचून, ठोकून सरळ करून वापरायचे. तंबाखूही रेशनवर, म्हणून थोटकं वेचून त्यातला तंबाखू पुन्हा गुंडाळायचा. म्हणजे हे पोरगं दिवसभर मान खाली घालून टोक्योच्या रस्त्यांवर बापासाठी वस्तू गोळा करत फिरतंय. ते कधी म्हणत नाही की माझे बाबा येतील. तामेकिची, ओताने, सगळी मोठी माणसं ठरवून मोकळी झालीत की बापाने टाकलं, कारण तसं घडत होतं आणि तसं मानलं की आपली जबाबदारीही कमी होते. पोराला मात्र शंकाच नाही. ज्याला आपण टाकले गेलोय असं वाटतं तो बापासाठी खिळे कशाला वेचेल? ओझूने हे कुणाच्याही तोंडी घातलेलं नाही.

बापलेकाचं घर होतं हाचिओजीला. २ ऑगस्ट १९४५ला, म्हणजे युद्ध संपायच्या दोन आठवडे आधी, हाचिओजी जवळजवळ सगळं जळालं. मग ते समुद्रकाठच्या चिगासाकीला कुणाकडे तरी भाड्याने राहतात, बाप काम शोधायला टोक्योला येतो आणि गर्दीत चुकामूक होते. ज्योतिषी त्याला उचलतो ते टोक्योतल्या कुदानला, यासुकुनी देवस्थानाच्या परिसरात, जिथे युद्धात मेलेल्या सैनिकांना पुजतात. ह्यावरही सिनेमा एक अक्षर बोलत नाही.

लिहिता लिहिता लांबलं. फोटोच्या दृश्याबद्दल वेगळं लिहीन, ते राहवत नाहीये.

केदार_पणजी

शुभाताई, प्रतिसाद वाचून सिनेमा पुन्हा लावला. गाण्याचं मी सांगतो, मला पारंपरिक गायनप्रकारांत रस आहे.

तो प्रकार 'नोझोकी काराकुरी'. जत्रेत येणारा आपला बायस्कोपवाला आठवा. तशीच मोठी पेटी, पुढे भिंगं बसवलेली भोकं, आत एकामागून एक चित्रं खाली सोडली जातात, आणि पेटीजवळ उभा राहून एक माणूस काठीने ताल धरत गोष्ट गाऊन सांगतो. ताशिरो म्हणतो ती कथा नामिको आणि ताकेओची, तोकुतोमी रोका ह्यांच्या 'होतोतोगिसु' कादंबरीतली. १८९८-९९ला ती वर्तमानपत्रात क्रमशः आली आणि जपानभर गाजली. नवरा आरमारात, बायकोला क्षय, आणि नवरा लांब असताना सासू तिला माहेरी धाडते. नाटकं, सिनेमे, गाणी, सगळं निघालं त्यावर. १९४७च्या प्रेक्षकांतल्या पन्नाशीच्या माणसांनी लहानपणी हे जत्रेत ऐकलेलं असणार.

गाणारा नट म्हणजे र्यू चिशू, 'टोक्यो स्टोरी'तला म्हातारा बाप. इथे तो प्रत्यक्षात त्रेचाळीसच्या आसपासचा आहे. एरवी ओझूच्या सिनेमांत हा माणूस हूं-हूं करण्यापलीकडे फारसा जात नाही, आणि इथे पूर्ण आवाज लावून, मान हलवत, मध्येच सूर चढवत गातोय. बाकीचे काड्यांनी वाट्या आणि ताटल्या वाजवताहेत. ओझू हे गाणं तोडत नाही, पुरतं ऐकवतो. त्या मेजवानीचं निमित्तही बघा: रंगाऱ्याच्या मुलाला लॉटरीत २,००० येन लागलेत. सरकारी लॉटरी तिथे १९४५च्या ऑक्टोबरात, युद्ध संपल्या संपल्या सुरू झाली होती. बऱ्याच दिवसांनी पोटभर खायला मिळालंय म्हणून माणसं गाताहेत.

आणि त्यानंतर ओताने आपल्या पोरालाही तिकिटासाठी १० येन देते, निष्पाप पोराला लागेल म्हणून. लागत नाही, तर त्यालाच बोलते. मला तेव्हा हसायलाही आलं आणि पोराची दयाही आली.

मंजिरी_सांगली

शुभाताई, केदार, दोघांचे मनापासून आभार. खिळ्यांचं मी पूर्ण हुकले होते. मला ते पोराचे चाळे वाटले.

पटलंय बरंचसं, पण ओतानेच्या भाषणाबद्दल पडद्यामागे ह्यांचा मुद्दा अजून उरतोच. वस्तूंमधून इतकं सांगून झाल्यावर ते शब्दांत पुन्हा कशाला सांगायचं?

आणि एक भाबडा प्रश्न. चाळीच्या बाहेरच्या दृश्यांत मागे एका मोठ्या इमारतीचं गोलसर छप्पर दिसतं. ते मला बुद्धलेण्यासारखं का वाटलं?

शुभा_निशिकासाई

भाबडा काय, बरोबर बघितलंस. ते त्सुकिजी होंगान्जी. १९२३च्या भूकंपात आणि आगीत जुनं देऊळ गेलं, मग इतो चूता नावाच्या वास्तुकाराने १९३४ला हे बांधून पुरं केलं. हा माणूस तरुणपणी चीन, भारत, तुर्कस्तान असा दीर्घ प्रवास करून आलेला होता आणि बौद्ध देवळाला भारतातलं रूप द्यायचं त्याने ठरवलं. दर्शनी भागावरची कमान बघितली की अजिंठ्याच्या १९व्या किंवा २६व्या लेण्यासमोर उभं राहिलेलं कुणीही ओळखेल. त्सुकिजी स्टेशनमधून बाहेर पडलं की समोरच आहे. माझ्या सासूबाई संभाजीनगरच्या. त्यांना पहिल्यांदा तिथे नेलं तेव्हा त्या कमानीखाली उभ्या राहून बराच वेळ वर बघत होत्या.

सिनेमात मात्र त्या छपराच्या आणि आपल्या मध्ये मोकळं, जळकं मैदान आहे. इतक्या लांबून ते दिसतं, कारण मधलं उरलेलं नाही. अशा जागी ओताने गादी वाळत घालते आणि पोराच्या हातात पंखा देऊन म्हणते, वाळव. हातभर पंखा, अंगाहून मोठी गादी, आणि पोरगं मुकाट्याने वारा घालतंय. त्याचा चेहरा सबंध सिनेमात जवळजवळ हलत नाही. उवांमुळे खांदे तेवढे उडवतो. पुढे ओताने स्वतःही तसेच खांदे उडवायला लागते, लक्षात आलं का? लळा आणि उवा, दोन्ही एकदमच लागलेत तिला.

आता भाषण. @पडद्यामागे, तुमचा सेन्सॉरचा मुद्दा मी उडवून लावत नाही. त्या काळी पडद्यावर अमेरिकन सैनिक दाखवायलासुद्धा परवानगी नव्हती, आणि १९४७चं टोक्यो अमेरिकन सैनिकांशिवाय दाखवणं म्हणजे केवढी तरी गोष्ट गाळणं. पण ओतानेचं बोलणं वरून लादलेलं आहे हे मी मानत नाही. ती शेजाऱ्यांना शिकवत नाही, स्वतःला धरून बोलते. मी त्याला हाकललं, मी त्याच्यावर संशय घेतला. शिवाय ती आधी रडते आणि मग का रडतेय ते समजावते: पोर गेलं म्हणून नाही, बाप भेटला, दोघांना किती आनंद झाला असेल, म्हणून. हे अर्धंच खरं आहे. आपल्याला दिसतंय की ती पोर गेलं म्हणूनच रडतेय. म्हणजे भाषण म्हणून ऐकायचं नाही, रडू आवरायला बोलत सुटलेली बाई म्हणून बघायचं. ओतानेचं काम करणारी ईदा चोको ही नटी ओझूबरोबर मूकपटांपासून काम करत आलेली. ती हे कसं करते ते आवाज बंद करून बघा, भाषणाचा मागमूस उरत नाही.

आणि फोटो. ओताने पोराला नवे कपडे घालून, प्राणिसंग्रहालय दाखवून स्टुडिओत नेते. छायाचित्रकार काळ्या फडक्याखाली डोकं घालतो आणि ओझू आपल्यालाही त्या फडक्याखाली नेतो. जुन्या मोठ्या कॅमेऱ्याच्या काचेवर चित्र उलटं पडतं, तशी ती दोघं आपल्याला उलटी दिसतात, डोकी खाली, पाय वर, ओताने ताठ बसलेली. मग शटर पडतं आणि पडदा काळा होतो. पूर्ण काळा, आणि तसाच राहतो. काही न दाखवता, नुसत्या आवाजावर. ओझूच्या एरवीच्या सिनेमांत असला खेळ मला आठवत नाही. मला वाटतं तिथेच सिनेमा त्या दोघांचा निरोप घेतो, कारण त्याच संध्याकाळी बाप दारात येतो. उरतो तो एक फोटो, आणि तो तयार झालेला ओझू आपल्याला कधी दाखवत नाही.

पडद्यामागे

शुभाताई, आवाज बंद करून बघितलं. अभिनयाबद्दल तुमचं शंभर टक्के पटलं. तरीही माझं मत राहतंच. शब्द आहेत, ते मोठे आहेत, आणि पुढच्या ओझूने ते कापले असते. पुढच्याच वर्षीच्या 'काझे नो नाका नो मेन्दोरी'त नवरा युद्धावरून परतलेला नाही, मूल आजारी, दवाखान्याचे पैसे भरायला बायको एक रात्र शरीर विकते. तिथे कुणी शेजाऱ्यांसमोर उभं राहून निष्कर्ष सांगत नाही. मला तो सिनेमा खडबडीत असूनही जास्त खरा वाटतो.

ज्यांना ह्या विषयावर पुढे बघायचंय त्यांनी शिमिझु हिरोशीचा 'हाची नो सु नो कोदोमोताची' (१९४८) जरूर बघा. शिमिझुने युद्धानंतर काही अनाथ मुलांना स्वतःकडे आसरा दिला आणि त्याच मुलांना घेऊन हा सिनेमा केला. घरी परतायला घर नसलेला एक सैनिक आणि त्याच्यामागे लागलेली पोरं, चालत चालत जपान ओलांडतात. सगळं बाहेर, खऱ्या जागी चित्रित केलंय, हिरोशिमासुद्धा. ओझू ज्या मुलांपाशी येऊन थांबला, शिमिझु तिथून सुरुवात करतो.

केदार_पणजी

+१, शिमिझुचा बघितलाय. समुद्र बघायची आस लागलेल्या मुलाला दुसरा मुलगा पाठीवर घेऊन डोंगर चढतो ते दृश्य विसरता येत नाही. लांबलचक चढण आहे, आणि पोरगं खरंच दमलेलं दिसतं.

मंजिरी_सांगली

आमच्या वाचनालयात महिन्यातून एकदा सिनेमा दाखवतो, पंचवीस-तीस माणसं येतात, निम्मी निवृत्त शिक्षक. पुढच्या वेळी हा दाखवायचं ठरवलंय. चर्चा नंतर होईलच, पण आधी पाच मिनिटं बोलावं लागतं. काय सांगू आणि काय नको? शुभाताई, तुमचं सगळं वाचून दाखवलं तर सिनेमा बघायची मजाच जाईल असं वाटतंय.

शुभा_निशिकासाई

अजिबात वाचून दाखवू नकोस. दोन गोष्टी आधी सांग. १० मार्च १९४५ला ह्या शहराचं काय झालं, आणि १९४७ला उएनो स्टेशनला कोण राहत होतं. मुलं खेड्यांत होती म्हणून वाचली हेही सांग, शिक्षक मंडळींना ते लगेच भिडेल. एबिना कायोको ह्यांचं नाव घेतलंस तरी चालेल. अकरा वर्षांच्या असताना त्यांना नुमाझुला हलवलेलं होतं, आणि त्या रात्री घरातली सहा माणसं गेली. पुढे त्या लेखिका म्हणून नावारूपाला आल्या आणि २००५ साली त्यांनी पुढाकार घेऊन उएनो पार्कात त्या हल्ल्यात गेलेल्यांसाठी स्मारक उभारलं, मुलांना जवळ घेतलेल्या आईचं.

खिळे, थोटकं, पर्सिमॉन, फोटो ह्यांतलं काहीही आधी सांगू नकोस. ज्याचं त्याला दिसू दे. गाण्याच्या वेळी सबटायटल्सकडे बघू नका, र्यूच्या तोंडाकडे बघा, एवढं मात्र सांग.

आणि शक्य असेल तर उजेड लगेच लावू नकोस. शेवटची उएनोची दृश्यं थोडीच आहेत, लोक उठायच्या बेतात असतात आणि नेमकी तीच निसटतात. चर्चेत भाषणावरून वाद झाला तर इथे येऊन लिही, कोण कुठल्या बाजूला गेलं ते वाचायला आवडेल.

मंजिरी_सांगली

नक्की लिहीन. पडद्यामागे, तुमचा मुद्दाही मांडणार आहे, तुमच्या आयडीसकट.

पडद्यामागे

जरूर मांडा. शिमिझुच्या सिनेमाची चांगली प्रत सबटायटल्ससकट कुणाकडे असेल तर व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा. माझ्याकडच्या प्रतीत हिरोशिमाचा भाग फार अंधारा आहे.